घड्याळवाल्यांचं बटण

दि. ९ फेब्रुवारी

चि. टकमक हिस,
अ. उ. आ.

तू गेल्यापासून गल्लीला चुकल्याचुकल्यासारखं होतंय. तुझा कॅमेरा जिथे तीन पायांवर उभा असायचा, तिथून लोक अजून वळसा घालून जातात. पाववाली काल तशीच वळसा घालून आली, मग तिच्या लक्षात आलं आणि स्वतःशीच हसत पुढे गेली.

तू आलीस तेव्हा काय थाट होता सगळ्यांचा! पाववाली रोज सकाळी दुकानाची काच पुसायची, न्हावी गळ्याला रेशमी रुमाल बांधून टक्कल असलेल्या गिऱ्हाइकालासुद्धा दोनदा कंगवा फिरवायचा, आणि मी, खोटं कशाला बोलू, कपाटातले ठेवणीतले कपडे घालून शिवणाच्या मशीनवर बसायची. तू कुणाला एका शब्दाने काही बोलली नाहीस. हळूहळू काच मळली, रुमाल गेला, मी नेहमीच्या कपड्यांवर आले, तेव्हा कुठे तू म्हणालीस की चला, आता सुरुवात करू. इतके दिवस कॅमेरा नुसताच उभा होता, आत काही चालू नव्हतं, हे कळल्यावर तुझा असा राग आला होता! लहानपणी पाहुण्यांच्या तोंडाकडे एकटक बघत बसायचीस म्हणून टकमक हे नाव मीच ठेवलं तुला. तेव्हा तुझी आई म्हणायची की कार्टीला वळण नाही. आता त्याच खोडीला लोक कला म्हणतात.

फोन का करत नाहीस असं विचारलंस. फोनवर बोलताना माझा टाका चुकतो, आणि टाका सांभाळला तर बोलणं चुकतं. पत्र कसं, दुकान बंद करून, चहा घेऊन, ऐसपैस लिहिता येतं. शिवाय आता जे सांगणार आहे ते फोनवर मोठ्याने बोलण्यासारखं नाही.

कोपऱ्यावरचे घड्याळवाले तुला माहीतच आहेत. सभ्य माणूस, बायको जाऊन बरीच वर्षं झाली, बोलणं मोजकं. गेलं वर्षभर त्यांच्या शर्टाचं बटण तुटतंय. एकदा तुटलं, मी लावून दिलं. पुन्हा तुटलं. आधी मी दोऱ्याला नावं ठेवली, मग दोरा बदलला. दुहेरी घेतला, मेण लावून घेतला, बटणाखाली वेढे घालून गाठ मारली. तरी आठवडा दोन आठवड्यांत स्वारी दारात हजर, बटण तळहातावर. बिचारे कधी तक्रार करत नाहीत, उलट माझीच समजूत घालतात की शर्टच जुना आहे. टकमक, मी लावलेलं बटण आजवर कापड विरल्याशिवाय निघालेलं नाही गं. मी डोळे तपासून आले. चष्मेवाला म्हणाला की डोळे ठणठणीत आहेत. म्हणजे उरला हात. तुझे आतोबा गेल्यावर याच हातावर मी घर चालवलं, पोराला शिकवलं. आता दोरा आवळायची हाताची ओढ गेली असेल का?

हे कुणाला बोलू नकोस. तुझ्या बापाला तर अजिबात नको, तो लगेच औषधं पाठवेल.

जेवणाची आबाळ करू नकोस. माया आहे तेवढी सगळी या पाकिटात कोंबली आहे, जपून उघड.

तुझी
आत्या


दि. १९ फेब्रुवारी

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र आलं आणि मी ते माझ्या संकलकाच्या देखत वाचून खुदकन हसले. त्यामुळे तो रुसला. त्याला वाटतं की मी त्यालाच हसते. या माणसाचं काम म्हणजे मी घेतलेल्या शेकडो तुकड्यांतून सिनेमा जोडणं, आणि त्याचा स्वभाव म्हणजे प्रत्येक तुकड्यात माझी चूक शोधणं. खोलीच्या खिडकीला घोंगडी टांगून आम्ही दिवसभर अंधारात बसतो आणि पडद्यावर तुमची गल्ली बघतो. न्हावी आरशाकडे बघून भुवई उडवतो ते आम्ही इतक्या वेळा पाहिलं की आता संकलकही तशीच भुवई उडवायला लागलाय.

तू मागे विचारलं होतंस की मी कुणाला काही विचारत का नाही, निदान पाववालीला तिच्या कष्टांबद्दल दोन शब्द तरी बोलू द्यायचे. अगं, माणसाला विचारलं की तो उत्तर देतो, आणि उत्तर देताना जरा शहाणा होतो. नुसतं बघत राहिलं की आपलं काम करत राहतो. पाववालीचे कष्ट तिच्या कोपरांवर दिसतात. भट्टीपाशी उभी राहून ती कोपराने दार ढकलते, कोपरानेच केस मागे सारते, कारण हातांना पीठ. ते मी कुणाला बोलून दाखवू आणि कशाला?

म्हणून माझे दोनच नियम. एक, मी कुणाला अमुक कर, तमुक कर सांगत नाही, आणि जे दिसलं त्यात लुडबुड करत नाही. दोन, ज्याचं चित्र त्याने ते आधी बघायचं. त्याच्या आधी दुसऱ्या कुणी नाही, मग ती आई असो की आत्या.

आता बटणाचं. हाताला काहीही झालेलं नाही तुझ्या. माझ्याकडे तासन्‌तास तुझे हात आहेत. सुईत दोरा ओवताना तू जीभ बाहेर काढतेस हेही आहे, पण ते तूच आधी बघशील, घाबरू नकोस. घड्याळवाल्यांचं पोट सुटलं असेल, शर्ट ताणत असेल. त्यांना म्हणावं पाव कमी खा.

इथे आमचं भांडण चालू आहे. एका ठिकाणी माझे तुकडे उलटसुलट लागलेत असं संकलक म्हणतो, म्हणजे नंतरचं आधी आणि आधीचं नंतर. मी म्हणते मी क्रमाने नोंद केली आहे. तो म्हणतो की मग चमत्कार झाला असेल. आज सकाळपासून आम्ही एकमेकांशी चहापुरतंच बोलतोय.

तुझा लोभ मुळातच भरपूर आहे, आणखी वाढवलास तर मी लाडावेन, तेव्हा आहे तेवढाच टिकवावास.

तुझी
टकमक


दि. ७ मार्च

चि. टकमक हिस,
अ. उ. आ.

तुझं पत्र वाचून बरं वाटलं. घड्याळवाल्यांचं पोट सुटलेलं नाही. मी नीट पाहिलं. काडीपैलवान आहेत ते.

मी दुकान सोडायचं ठरवलं आहे. हे एकदम सांगितलं, कारण फिरवून फिरवून सांगायला लागले तर माझंच मन फिरायचं. जागा पाववालीची, तिला मी महिनाअखेरीला किल्ली देते म्हणून सांगून टाकलं. तिला कारण सांगितलं की मुलगा बोलावतोय. ते खोटंही नाही, आमचे चिरंजीव कधीपासून मागे लागलेत. त्यांनी खिडकीजवळचा कोपरा माझ्या खुर्चीसाठी रिकामा करून ठेवला आहे. सून चांगली आहे. नातीला माझ्या मांडीवर बसून बटणांच्या डब्याशी खेळायला आवडतं. वाईट काहीच नाही.

पण खरं कारण तुलाच ठाऊक. मी जाणार ही बातमी गल्लीत पसरली आणि तेव्हापासून घड्याळवाल्यांचं बटण दर दोन दिवसांनी तुटायला लागलं. म्हणजे मी परवा लावलेलं आज निघतं! आता याहून अजून काय पुरावा पाहिजे? गेल्या आठवड्यात बँडमधला तुतारीवाला त्याचा कोट घेऊन आला, बाह्या उसवून पुन्हा बसवायच्या होत्या. अशा कामावर मी पूर्वी तुटून पडायची. पण मी त्याला परत पाठवलं. म्हटलं, वेळ नाही. तो गेल्यावर कात्री हातात घेऊन नुसती बसून राहिले, आणि मग मला रडू आलं. भर दुपारी, दार उघडं टाकून, लहान पोरीसारखी रडले. बरं झालं तुझा कॅमेरा नव्हता.

टकमक, लोकांनी आपल्याला थांब म्हणण्याआधी आपण थांबावं. एखाद्या बाईच्या कपड्याची शिवण भर रस्त्यात उसवली आणि लोक म्हणाले की ही अमकीच्या हातची, तर मला ते सोसणार नाही. घड्याळवाले निदान सभ्य आहेत, झाकून घेतात.

मशीन कुणाला द्यावं ते सुचव. तुला हवं असेल तर तुझंच. तुझ्या संकलकाच्या पायाशी ठेव, जोडाजोडीच्या कामाला आलं तर बघ.

मी खुशाल आहे असं समज. माझ्यावर रागावू नकोस, आणि रागावलीस तरी पत्र पाठवायचं थांबवू नकोस.

तुझी
आत्या


दि. १४ मार्च

ती. घड्याळवाले काका यांस,
सा. न. वि. वि.

मी शिवणवाल्या बाईंची भाची, गेल्या हिवाळ्यात तुमच्या कोपऱ्यावर कॅमेरा घेऊन उभी असायची ती. तुम्ही मला एकदा अवकाळी पावसात छत्री आणून दिलीत आणि एक शब्द न बोलता परत गेलात, त्याबद्दल आभार मानायचे राहून गेले होते.

पत्राचं कारण नाजूक आहे. सोबत तीन चित्रं छापून पाठवली आहेत. ती एकटे असताना पाहावीत. माझा नियम आहे की ज्याचं चित्र त्याने ते आधी पाहायचं, म्हणून ही अजून तुमच्याशिवाय, माझ्याशिवाय आणि माझ्या संकलकाशिवाय कुणी पाहिलेली नाहीत.

पहिल्या चित्रात तुम्ही दुकानाला कुलूप लावून निघाला आहात आणि शर्टाची सगळी बटणं जागच्या जागी आहेत. तिसऱ्यात तुम्ही आत्याच्या दारात उभे आहात आणि वरून दुसरं बटण नाही. आम्हाला वाटलं की तुकडे उलटे लागले. संकलकाने ते अदलूनबदलून पाहिले, मला निष्काळजी म्हणाला, मी त्याला आंधळा म्हटलं. शेवटी पाववालीच्या माडीवरून घेतलेलं एक लांबचं चित्र सापडलं. तेच दुसरं. त्यात तुम्ही दिव्याच्या खांबाआड थांबला आहात, इकडे तिकडे बघता आहात, आणि तुमचा हात छातीपाशी आहे. हातात काहीतरी चमकतं आहे. बाकी मी लिहीत नाही, तुम्हाला ठाऊक आहे. एकदाच असतं तर सोडून दिलं असतं, पण आम्ही शोधायला बसलो तर असे खांबाआडचे थांबे पुष्कळ निघाले.

काका, मला यात हसू आलं होतं, आणि आनंदही झाला होता. पण तुम्हाला एक गोष्ट माहीत नाही. आत्याला वाटतंय की बटणं तिच्या हाताच्या दोषाने तुटतात. ती दुकान बंद करतेय ते मुलगा बोलावतो म्हणून नव्हे, तुमच्या बटणामुळे. हे तिने मला विश्वासाने सांगितलं आणि ते तुमच्यापाशी बोलून मी तिचा एक शब्द मोडला आहे. मी बघणारी आहे, सांगणारी नाही, असं मी मोठ्या तोऱ्याने सगळ्यांना सांगते. पण नुसतं बघत बसून तिचं दुकान बंद होऊ देणं मला जमणार नाही. तुमचं गुपित माझ्या तोंडून तिला कळावं असंही वाटत नाही. तिला मी एवढंच कळवलं आहे की माझं पुढचं पत्र येईपर्यंत मशीन कुणाला देऊ नकोस.

तुम्ही सांगितलंत तर मी जन्मभर ऋणी राहीन. नाही सांगितलंत तर महिनाअखेरीच्या आधी मीच नियम मोडून तिला सगळं लिहीन, मग तुम्ही मला दोष द्या.

लहान तोंडी मोठा घास घेतला, तो पदरात घ्यावा.

आपली
टकमक


दि. १८ मार्च

कॅमेराबाई यांस,
स. न. वि. वि.

आपलं पत्र मिळालं. चित्रं मिळाली. चित्रांतला माणूस मीच आहे.

मला पत्र लिहायची सवय नाही, तरी क्रमाने लिहितो. पहिलं बटण खरंच तुटलं होतं. मी बाईंकडे गेलो. त्यांनी शर्ट अंगावरच असू द्या म्हणून सांगितलं, उभ्या उभ्या बटण लावलं, आणि दोरा दाताने तोडला. दोरा तोडताना त्यांचं डोकं माझ्या छातीपाशी आलं होतं. त्यानंतर त्या म्हणाल्या की झालं. एवढंच घडलं. घरी आल्यावर मी एक घड्याळ उघडलं आणि त्यात काय बिघडलं आहे ते मला संध्याकाळपर्यंत आठवेना.

पुन्हा जायला काही काम हवं होतं. माझ्या घरी शिवण्यासारखं दुसरं काही नाही. पडदे नाहीत. म्हणून बटण. त्यांच्या समाधानासाठी एक गोष्ट स्पष्ट करतो. त्यांनी लावलेलं बटण मला हाताने कधीही काढता आलेलं नाही. एकदा मी जोर लावून ओढलं तर शर्ट फाटायला आला, बटण हललं नाही. तेव्हापासून मी घड्याळाची बारीक तार कापायची पक्कड खिशात ठेवतो. आपल्या चित्रात चमकतं आहे ते तेच. मध्यंतरी त्यांनी दोऱ्याला मेण लावायला सुरुवात केली, तेव्हा मला त्या पक्कडीला धार लावावी लागली. त्यांच्या हातात दोष आहे असं त्यांना वाटत असेल हे माझ्या स्वप्नातही आलं नाही. त्या फक्त म्हणायच्या की उभे राहा.

त्या जाणार हे कळल्यावर मी जास्त वेळा गेलो. आता उरलेच किती दिवस, असं मनात आलं. त्याचा असा अर्थ होईल हे मला कळायला हवं होतं. मी आयुष्यभर दुसऱ्याच्या कारागिरीला हात लावताना दहादा विचार केला आहे, आणि इथे मी एका कारागिराचं काम कापत बसलो. मला फार लाज वाटते आहे.

उद्या सकाळी जाऊन सांगतो. काय शब्द वापरायचे ते रात्रभर ठरवेन. पक्कड सोबत नेतो, म्हणजे त्यांना खरं वाटेल.

सिनेमात ते चित्र ठेवावं की नाही हे बाईंनी ठरवावं. माझी काही हरकत नाही. मला फक्त खांबाआड मी इतका वाकलेला दिसतो याचं वाईट वाटलं.

आपण माझ्याविषयी बरं मत ठेवाल अशी आशा करण्याचा मला हक्क नाही, तरी करतो.

आपला
घड्याळवाला


दि. २२ मार्च

चि. टकमक हिस,
अ. उ. आ. आणि एक धपाटा.

तुला सगळं ठाऊक होतं! आणि मला काय लिहिलंस, तर मशीन कुणाला देऊ नकोस. मी ते पत्र वाचून रात्रभर विचार करत होते की पोरीला मशीन एवढं हवं होतं तर आधी का नाही बोलली.

आता नीट सांगते. तीन दिवसांपूर्वी सकाळी घड्याळवाले आले. भांग पाडलेला, शर्टाची सगळी बटणं शाबूत. मी विचारलं की आज काय काम. ते म्हणाले की काम काहीच नाही. आणि उभेच राहिले. मग खिशातून एक इवलीशी पक्कड काढून त्यांनी माझ्या टेबलावर ठेवली आणि पाठ केल्यासारखं एका दमात सगळं सांगून टाकलं. खांब, पक्कड, मेणाचा दोरा, पडदे नाहीत, तुझी चित्रं, सगळं. माझ्याकडे बघतही नव्हते, मशीनच्या चाकाकडे बघून बोलत होते.

टकमक, मला आधी काय वाटलं असेल? राग! असा राग आला की मी हातातली टेप त्यांच्या अंगावर फेकली. म्हटलं, वर्षभर माझी झोप उडवलीत, माझ्या हातावरचा माझा भरवसा घालवलात, तुतारीवाल्याचा कोट परत गेला, मी पोराकडे कोपऱ्यात जाऊन बसणार होते, आणि तुम्ही खुशाल ताकाला जाऊन भांडं लपवत होतात! त्यांनी टेप उचलली, नीट गुंडाळली आणि परत दिली. म्हणाले की तुम्ही म्हणाल ते मान्य. मग माझ्या एकदम ध्यानात आलं की माझं बटण काढायला या माणसाला पक्कड लागली, तीही त्याने परत धार लावून आणलेली. मी विचारलं की हाताने खरंच निघत नव्हतं का? ते म्हणाले की शपथेवर सांगतो, नाही. मी पुन्हा विचारलं. त्यांनी पुन्हा सांगितलं. मी तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा त्यांना हसू फुटलं, आणि त्यांना हसताना मी पहिल्यांदा पाहिलं. मग मलाही आवरेना. इतकी हसले की खुर्चीवर बसावं लागलं.

आमचं हसणं ऐकून पाववाली पिठाच्या हातांनी धावत आली. टेबलावरची पक्कड बघून म्हणाली की अरे वा, सांगितलं वाटतं एकदाचं. तिला माहीत होतं! माडीवरून तिला तो खांब स्वच्छ दिसतो. न्हाव्यालाही माहीत होतं, आरशातून. सगळ्यांना वाटत होतं की मलाही माहीत आहे आणि मी मुद्दाम ताणते आहे. मी जाणार म्हटल्यावर पाववालीला वाटलं की मी त्यांना नकार दिला, म्हणून तीही गप्प बसली. तू इतकी शिकून बघायचं पण बोलायचं नाही असा पंथ काढलास, अगं, इथे अख्खी गल्ली कधीपासून त्याच पंथाची आहे.

किल्ली माझ्याकडेच आहे. चिरंजीवांना फोन करून कळवलं की येते, पण सुट्टीला. ते म्हणाले की आई, तुझा आवाज बदललाय. तुतारीवाल्याला निरोप पाठवला, काल त्याच्या दोन्ही बाह्या बसवल्या. अशा बसल्या आहेत, टकमक, की त्याने तुतारी वर धरली तरी कोटाला एक सुरकुती पडत नाही.

ते चित्र सिनेमात ठेव. मी त्यांना विचारलं, ते म्हणाले तुमची मर्जी. मला दाखवायला मात्र स्वतः ये, संकलकालाही आण. त्याला आंधळा म्हणालीस त्याची भरपाई म्हणून मी त्याला एक शर्ट शिवून देईन.

एक सांगायचं राहिलं. त्या सकाळी निघताना घड्याळवाले दारात थांबले आणि विचारलं की आता बटणाचं काम उरलं नाही, तर पुन्हा केव्हा आणि कशाला येऊ. सकाळी दुकान उघडायच्या आधी मी एकटी चहा घेते, ते तुला माहीत आहे. मी म्हटलं की दुकान उघडल्यावर गिऱ्हाइकं येतात. तुम्ही त्याआधी येत जा.

आज तिसरा दिवस, येतात. पत्र आटपतं घेते, तेच आले आहेत.

तुझी
आत्या